साइडलाइनवरचा संताप

किस्से कुणी ठरवून जमवत नाही. ज्या दिवशी ते घडतात त्या दिवशी नुसता संताप असतो. घरी परतताना गाडीत स्टिअरिंगवर हात आपटावासा वाटतो. मग कुणाकडे तरी जेवायला जावं, तिथे कुणीतरी विचारावं, "काय वसुधाताई, तुमची सॉकर टीम काय म्हणते?" आणि आपण सांगायला लागावं. पहिल्यांदा सांगताना आवाज चढतो. तिसऱ्यांदा सांगेपर्यंत लोक हसायला लागलेले असतात, आणि त्याचा किस्सा झालेला असतो. मागच्या सीझनमध्ये माझ्याकडे इतके जमले की विलास, म्हणजे माझा नवरा, म्हणतो, "तू आता डॉक्टर कमी आणि कीर्तनकार जास्त झाली आहेस." म्हणू दे. माझा राग मात्र अजून गेलेला नाही, हे आधीच सांगून ठेवते. तुम्हाला हसायचं असेल तर हसा.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: मी हाडांची डॉक्टर. नागपूरला शिकले, शिकागोत रेसिडेन्सी केली आणि नेपरव्हिलला घर केलं ते केलंच. हॉस्पिटलमधलं काम कमी केल्यावर एका प्रोफेशनल सॉकर क्लबची टीम डॉक्टर झाले. टीव्हीवर दिसते त्या मोठ्या लीगमधला क्लब नव्हे, तिच्या एक पायरी खालचा. खेळाडू बहुतेक पंचविशीच्या आसपासचे. पगार बेताचे आणि सगळ्यांचा डोळा वरच्या पायरीवर. मी त्यांची 'डॉक'. आमचा कोच रिक. आणि क्लब नुकताच विकत घेतलेला एक मालक. लोकांचं घरात न मावणारं सामान भाड्याने ठेवून घ्यायची गोदामं बांधून हा माणूस श्रीमंत झाला होता. सॉकरची मॅच त्याने क्लब घेतल्यावर पहिल्यांदा बघितली असावी, असा माझा दाट संशय आहे.

*

सीझन सुरू व्हायच्या आधीच पहिली ठिणगी पडली. मालकाने ठरवलं, स्टेडियममधलं गवत काढायचं आणि प्लास्टिकचं टर्फ टाकायचं. मॅच नसेल तेव्हा तिथे कॉन्सर्ट करता येतील, मोठ्या चाकांच्या ट्रक्सचे शो करता येतील. मीटिंगला मलाही बोलावलं होतं, बहुधा चुकून.

मी सांगायला लागले की स्वस्तातल्या टर्फवर बूट अडकतो, पाय तिथेच राहतो आणि शरीर वळतं. मग गुडघा जातो. मालकाने हात वर केला.

"डॉक, गवताला पाणी लागतं, खत लागतं, बघायला माणूस लागतो. टर्फला काहीच लागत नाही."

"टर्फला गुडघे लागतात," मी म्हटलं.

तो मोठ्याने हसला. "आय लाइक हर," असं शेजारच्याला म्हणाला आणि पुढच्या विषयावर गेला. टर्फ आलं.

उद्घाटनाला फोटोग्राफर बोलावले होते. मालकाने कातडी बूट घालून पहिली किक मारायची होती. त्याने किक मारली, बॉल गेला, टेकलेला पाय मात्र जागेवरच अडकला आणि हा भला माणूस गोल फिरून खाली बसला. मी बॅग घेऊन गेले. घोटा मुरगळला होता, बाकी काही नव्हतं. बर्फ लावला आणि म्हटलं, थोडा वेळ इथेच पडून राहा.

"इथे नको," तो म्हणाला. "हे टोचतंय."

*

पुढची कात्री विमान-प्रवासाला लागली. दिवसभरात पोचता येईल अशा गावी मॅच असेल तर टीम बसने जाणार. ही मुलं लांब पायांची. त्यातल्या एकाचा गुडघा ब्रेसमध्ये सरळ बांधलेला. तासन् तास असं बसून राहिलं की पायात रक्ताच्या गुठळ्या होतात, हे कोचला समजावलं. त्याने खांदे उडवले. म्हणून मी ड्रायव्हरशी परस्पर बोलले आणि नियम केला: थोड्या थोड्या वेळाने बस थांबणार आणि सगळ्यांनी खाली उतरून चालायचं.

इंडियानात एका गॅस स्टेशनवर थांबलो. सगळीकडे रिकामी शेतं, एक दुकान, चार पंप. माझी मुलं पार्किंगभोवती चकरा मारायला लागली. तिसरी-चौथी चक्कर असेल, शेरिफची, म्हणजे तिथल्या पोलिसांची, गाडी दिवे लावून आत आली. त्यातून उतरलेला डेप्युटी सरळ इमॅन्युएलकडे गेला. इमॅन्युएल हा आमचा विंगर, म्हणजे मैदानाच्या कडेने पळणारा. घानाचा, अंगाने सडपातळ, आणि इतका हळू बोलणारा की ड्रेसिंग रूममध्ये त्याचं बोलणं ऐकायला वाकावं लागतं. डेप्युटीने त्याचं लायसन्स मागितलं.

मी मध्ये गेले. "काय झालं?"

"फोन आला होता, मॅम. काही माणसं संशयास्पद रीतीने फिरतायत म्हणून."

आमचे तीन गोरे खेळाडू दुकानाच्या दारात कॉफी पीत उभे होते. त्यांच्याबद्दल कुणी फोन केला नव्हता. ते तर चालतही नव्हते, आणि तो राग मला वेगळाच आला होता.

"यांना मी चालायला लावलंय," मी म्हटलं. "मी यांची डॉक्टर. आयडी हवा असेल तर माझा बघा."

कोच रिक बसमध्ये बसून होता, कानात इअरफोन घालून. काचेतून बघत होता, पण उतरला नाही.

डॉक्टर म्हटल्यावर डेप्युटीचा सूर बदलला. "कसली डॉक्टर?"

"हाडांची."

"ओह, खरंच? माझा हा डावा गुडघा ना, जिना उतरताना..."

"आधी त्याचं लायसन्स परत द्या."

त्याने दिलं.

"आता कुठल्यातरी हाडाच्या डॉक्टरची अपॉइंटमेंट घ्या," मी म्हटलं आणि बसमध्ये चढले.

बस सुरू झाल्यावर इमॅन्युएल मागच्या सीटवरून पुढे वाकला आणि त्याच्या त्या हळू आवाजात म्हणाला, "डॉक, पुढच्या वेळी मी जागच्या जागी चाललो तर चालेल का?"

 

*

जुलैमध्ये मालकाला कुणीतरी सांगितलं की दुपारी मॅच ठेवली तर ऑनलाइन प्रेक्षक जास्त मिळतात. भर दुपार, ते प्लास्टिकचं टर्फ, खालून वाफा. टर्फवर हात टेकवला तर चटका बसत होता. अशा उन्हात दोन्ही हाफमध्ये एकेकदा खेळ थांबवून खेळाडूंना पाणी द्यायचं असतं. हे ठरलेलं आहे, त्यात उपकार नाहीत.

मालकाने त्या पाण्यालाही स्पॉन्सर आणला. छपरं दुरुस्त करणारी एक कंपनी. म्हणजे शिट्टी वाजणार, मोठ्या स्क्रीनवर त्यांची जाहिरात लागणार, "हा वॉटर ब्रेक तुमच्यासाठी आणला आहे अमुक-तमुकने" असं अनाउन्सर म्हणणार, आणि मग पाण्याचे क्रेट आत जाणार. ठरल्याप्रमाणे शिट्टी वाजली. स्क्रीन काळाच राहिला. काहीतरी वायर निघाली होती. क्रेट घेऊन उभ्या असलेल्या माणसाला हेडफोन लावलेली मार्केटिंगची मुलगी सांगत होती, "होल्ड, होल्ड, अजून नाही."

समोर आमचा एक डिफेंडर गुडघ्यांवर हात ठेवून ओकत होता.

मी तो क्रेट उचलला आणि आत चालायला लागले. ती मुलगी मागून ओरडत होती. मी बाटल्या वाटल्या. एक ओली पट्टी त्या पोराच्या मानेवर ठेवली, आणि दुसरा क्रेट आणायला बाहेर आले. तेवढ्यात रेफ्रीने ब्रेक संपल्याची शिट्टी वाजवली. ब्रेक जाहिरातीची वाट बघण्यात गेला होता, पाण्यात नव्हे. मी दुसरा क्रेट घेऊन तशीच पुन्हा आत गेले. रेफ्रीने मला बाहेर जायला सांगितलं. मी म्हटलं, पाणी पाजून होऊ दे, मग जाते. त्याने खिशातून यलो कार्ड काढलं.

साठी उलटल्यावर, हातात पाण्याच्या बाटल्या असताना, मला यलो कार्ड मिळालं. स्टँडमध्ये एकच माणूस उठून टाळ्या वाजवत होता. तो माझा नवरा होता. नंतर गाडीत मला म्हणाला, "एवढ्या वर्षांत मी दाखवायला हवं होतं. हिंमत झाली नाही."

*

आता प्रभाकरचा किस्सा. हा मी हसत सांगू शकत नाही.

प्रभाकर आमचा जुना मित्र. रेसिडेन्सीपासूनचा. दुखण्यावर इंजेक्शनं देण्याची त्याची चांगली प्रॅक्टिस होती, आता रिटायर होऊन गोल्फ खेळतो. मी टीमची डॉक्टर झाल्यापासून त्याला एकच हौस: "वसुधा, मला एकदा बेंचवर बसव ना यार."

ऑगस्टमध्ये इमॅन्युएलची टाचेची शीर दुखायला लागली. टाचेच्या मागे जाड दोरीसारखी असते ती. मी तपासलं, फोटो काढले आणि सांगितलं, सहा आठवडे खेळायचं नाही. कोच म्हणाला, एक कॉर्टिझोनचं इंजेक्शन दे, शनिवारची मॅच फार महत्त्वाची आहे. मी नाही म्हटलं. त्या शिरेत ते इंजेक्शन दिलं की दुखणं थांबतं आणि शीर कमजोर होते. माणसाला वाटतं बरं झालं, तो जोरात पळतो, आणि ती तुटते. हे मेडिकल कॉलेजातल्या पोरालाही माहीत असतं.

"तू फार सावध आहेस, डॉक," कोच म्हणाला. मला वाटलं विषय संपला.

शनिवारी मी मैदानावर आले तर इमॅन्युएल वॉर्म-अप करत होता. आणि बेंचवर, क्लबचं जॅकेट घालून, प्रभाकर बसला होता. त्याने मला हात केला.

"अगं, कोचचा फोन आला मला! आपल्या मराठी मंडळाच्या पिकनिकला ओळख झाली होती ना. एवढंसं काम होतं."

"प्रभाकर, काय दिलंस त्याला?"

"वसुधा, मी आयुष्यभर इंजेक्शनं दिली आहेत."

मी कोचकडे गेले, रेफ्रीकडे गेले, क्लबच्या मॅनेजरकडे गेले. प्रत्येकाने मला हेच ऐकवलं की एका डॉक्टरने त्याला फिट म्हटलं आहे. मी इमॅन्युएलकडे गेले. तो म्हणाला, "डॉक, दुखत नाहीये. खरंच." त्याच्या चेहऱ्यावर इतका आनंद होता.

सेकंड हाफमध्ये तो लाइनजवळून पळत सुटला. माझ्या अगदी समोर. आवाज आला, लाकडाची फळी मोडावी तसा. इमॅन्युएल खाली पडला आणि त्याने रागाने मागे वळून बघितलं, कुणी लाथ मारली म्हणून.

मागे कुणीच नव्हतं.

ऑपरेशन मीच केलं. दुसऱ्या दिवशी मी त्याच्या खोलीत गेले. तो म्हणाला, "डॉक, तुमच्या मित्राला वाईट वाटलं असेल ना? त्यांना सांगा, मी त्यांच्यावर रागावलेलो नाही. इंजेक्शन देताना ते मला त्यांच्या गावाबद्दल सांगत होते. फार चांगले वाटले मला."

मी प्रभाकरला फोन करून हा निरोप जसाच्या तसा दिला.  तो म्हणाला, "म्हणजे तो केस करणार नाही ना?"

मी फोन ठेवला. त्यानंतर गणपतीत आमची गाठ पडली, तेव्हा तो तेच जॅकेट घालून आला होता. चारचौघांत, आरतीच्या रांगेत मी त्याला म्हटलं, "ते काढ." तो हसला. मी हसले नाही. त्याने काढलं, घडी करून हातात धरलं आणि प्रसाद न घेताच निघून गेला. आमच्यातले काही जण मला म्हणाले, वसुधाताई, सणाच्या दिवशी असं नको होतं. मी म्हटलं, इमॅन्युएलची शीरही सणाचा दिवस बघून जोडली जात नाही.

*

इमॅन्युएल कुबड्यांवर असतानाच क्लबने त्याला अपार्टमेंट सोडायला सांगितलं. त्याच्या जागी नवा विंगर येणार होता, त्याला घर लागणार होतं. हे त्याने मला सांगितलंसुद्धा नाही. मी टाके काढायला बोलावलं तेव्हा विचारलं, घरी मदतीला कुणी आहे का, तर म्हणाला, "घर बघतोय."

विलासने त्याच संध्याकाळी आमच्या बेसमेंटमध्ये पलंग लावला. विलास इंजिनिअर आहे. जिन्याला दुसऱ्या बाजूनेही कठडा बसवला, बाथरूममध्ये धरायला दांडा बसवला, आणि मग रोज सकाळी थालीपीठ घेऊन खाली जाऊन बसायला लागला. दोघंही कमी बोलणारे. वर मला नुसता चमच्यांचा आवाज ऐकू यायचा. आठवड्याभरात इमॅन्युएल मला डॉक म्हणायचा बंद झाला आणि काकू म्हणायला लागला. ते विलासनेच शिकवलं होतं.

ही गोष्ट कशी कोण जाणे मालकाच्या कानावर गेली. एक दिवस बेल वाजली. दारात कॅमेरा घेतलेले दोघं आणि ती हेडफोनवाली मार्केटिंगची मुलगी. तिच्या हातात क्लबचा स्कार्फ होता.

"आम्हाला एक छोटा व्हिडिओ करायचाय," ती म्हणाली. "क्लब म्हणजे फॅमिली, अशी थीम आहे. जखमी खेळाडूला क्लबच्या डॉक्टरने घरी नेलं. इट्स सो ब्यूटिफुल."

मी तोंड उघडणार तेवढ्यात विलास पुढे झाला. माझा नवरा कुणाशी भांडत नाही. चुकीचं पार्सल आलं तरी तो पोस्टमनला सॉरी म्हणतो. त्याने शांतपणे विचारलं, "त्याला घराबाहेर काढलं त्याचाही व्हिडिओ आहे का तुमच्याकडे?"

ती मुलगी गोंधळली. "सर, ते वेगळ्या डिपार्टमेंटने केलं."

"मग त्या डिपार्टमेंटला पाठवा," विलास म्हणाला. "मी चहा करतो त्यांच्यासाठी."

आणि दार लावून घेतलं. 

इमॅन्युएल आता चालतो, हळूहळू पळतोही. खेळेल की नाही हे मी त्याला अजून सांगितलेलं नाही, कारण मलाच माहीत नाही. सध्या कॉलेजच्या वर्गांना जातोय. बेसमेंट त्याचंच आहे.

*

आता शेवटची मॅच. निकाल आधीच सांगून टाकते, म्हणजे तुमचं लक्ष तिकडे राहणार नाही. आम्ही हरलो. जिंकलो असतो तर प्लेऑफमध्ये गेलो असतो. सेकंड हाफमध्ये आमचा नेहमीचा गोलकीपर खेळला नाही. त्याच्या जागी आलेल्या मुलाने दोन गोल खाल्ले आणि सीझन तिथेच संपला. मालकाने नंतर सगळ्यांना सांगितलं की डॉक्टरच्या निर्णयामुळे क्लब हरला. पुढच्या सीझनसाठी त्यांनी दुसरा डॉक्टर बघितला आहे. गोलकीपर बरा आहे. डोकं दुखायचं थांबायला महिने लागले, पण बरा आहे.

त्याचं नाव लुईस. टेक्सासचा, उंच, शांत, आणि टीममध्ये सगळ्यात जुना. उन्हाळ्यात त्याच्या बायकोला पहिली मुलगी झाली होती. ती जन्मली तेव्हा ड्रेसिंग रूममध्ये केक कापला होता. घरच्या प्रत्येक मॅचला तिची बाबागाडी कोचच्या ऑफिसच्या दाराशी उभी असायची, कारण तिथे आवाज कमी. मॅच संपली की लुईस ग्लोव्ह्जसकट तिला उचलून घ्यायचा.

हाफ-टाइमच्या जरा आधी कॉर्नर आला. लुईस बॉलसाठी उडाला आणि समोरच्या खेळाडूचा गुडघा त्याच्या कानशिलावर बसला. पडल्यावर तो क्षणभर हललाच नाही. मग उठला, हात वर करून ठीक आहे म्हणाला. शिट्टी वाजली आणि मी त्याला सरळ मेडिकल रूममध्ये नेलं. टेबलावर बसवलं, त्याच्या समोर स्टूल घेतलं. दार उघडून कोच आत आला आणि माझ्या मागे उभा राहिला.

"डॉक, मला तो हवाय. लवकर आटप."

अशा वेळी काही ठरावीक प्रश्न विचारतात. आपण कुठल्या स्टेडियममध्ये आहोत? त्याने बरोबर सांगितलं. आता कुठला हाफ संपला? बरोबर. शेवटचा गोल कुणी केला? जरा थांबला, पण बरोबर. मागच्या आठवड्यात कुणाशी खेळलो? बरोबर. जिंकलो की हरलो? बरोबर.

माझ्या छातीवरचं ओझं उतरलं. खरं सांगते, मलाही ती मॅच जिंकायची होती. मी त्याला जाऊ देणार होते. टॉर्च बंद करून उठणार, एवढ्यात माझ्या लक्षात आलं की एवढा वेळ लुईसने एकदाही माझ्याकडे बघितलं नव्हतं. तो माझ्या खांद्यावरून मागे, कोच उभा होता तिकडे बघत होता.

मी वळले नाही. तशीच बसून राहिले आणि विचारलं, "लुईस, तुझ्या मुलीचं नाव काय?"

लुईस माझ्या मागे बघत राहिला. वाट बघत राहिला. त्याचे ओठ जरासे हलले आणि थांबले. 

मग मागून कोचचा आवाज आला.

"याला मुलगी आहे?"